धार्मिक शाळेचं अनुदान नाकारलं : निर्णय न्याय्य होता का, हे कसं तपासायचं आणि पुढे काय करायचं

प्रश्न थोडक्यात असा. एका धार्मिक अल्पसंख्याक संस्थेची महाराष्ट्रात अंशतः अनुदानित माध्यमिक शाळा आहे. नेहमीच्या अभ्यासक्रमाबरोबर आठवड्याला दोन तासिका धर्मशिक्षणाच्या होतात. पुढच्या टप्प्याच्या (उदाहरणार्थ २० वरून ४० टक्के) अनुदानाचा प्रस्ताव ‘शासन निकषांची पूर्तता होत नसल्याने अमान्य’ एवढ्या एका ओळीच्या पत्रासह परत आला. त्याच तालुक्यातल्या दुसऱ्या शाळेला मात्र टप्पा मिळाला. तपासणीला आलेल्या पथकातल्या एकाने ‘धर्म शिकवता, मग सरकारी पैसे कशाला?’ असंही तोंडी विचारलं होतं. सुनावणी झाली नाही. हा भेदभाव आहे का, आणि आता काय करायचं?

आधी एक गोष्ट स्पष्ट करून घ्या, कारण बहुतेक निवेदनं इथेच फसतात. अनुदान मिळणं हा मूलभूत हक्क नाही. अल्पसंख्याक संस्थेलाही नाही, बहुसंख्याक समाजाच्या संस्थेलाही नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये उत्तर प्रदेशातल्या अभय नंदन इंटर कॉलेजच्या प्रकरणात हे पुन्हा सांगितलं : अनुदान द्यायचं की नाही हा धोरणाचा भाग आहे, आणि घेतलं तर त्याच्या अटी दोघांनाही सारख्याच लागू. म्हणून ‘आम्हाला अनुदान द्या’ अशी मागणी घेऊन गेलात तर पाय घसरतो. ‘आमच्या प्रस्तावावर जाहीर निकषांप्रमाणे, योग्य अधिकाऱ्याने, आमचं म्हणणं ऐकून आणि कारणं लिहून निर्णय घ्या’ ही मागणी मात्र राज्यघटनेच्या कलम १४ वर, म्हणजे कायद्यापुढच्या समानतेवर, उभी आहे. अल्पसंख्याक संस्थेला शिवाय कलम ३०(२) आहे : अनुदान देताना, संस्था अल्पसंख्याकांच्या व्यवस्थापनाखाली आहे एवढ्या कारणावरून भेदभाव करता येत नाही. वेदपाठशाळेला किंवा एखाद्या मठाच्या शाळेला कलम ३० मिळत नाही, पण कलम १४ चं संरक्षण तिलाही पुरतं आहे. खाली सांगितलेल्या बहुतेक गोष्टी म्हणून सगळ्यांनाच लागू पडतात.

धर्म शिकवता म्हणून अनुदान नाही, हे कारण चालतं का?

तुमच्यासारख्या शाळेला हे कारण चालत नाही. कलम २८ नीट वाचलं की घोळ मिटतो. संपूर्णपणे सरकारी पैशातून चालणाऱ्या संस्थेत धर्मशिक्षण देता येत नाही, हा झाला २८(१). अशी संस्था सरकार चालवत असली पण ती धर्मशिक्षणाची अट असलेल्या दानातून किंवा न्यासातून उभी राहिली असेल, तर २८(२) तिला सूट देतो. आणि जी शाळा सरकारमान्य आहे किंवा अनुदान घेते, तिला २८(३) लागतो. तो धर्मशिक्षणावर बंदी घालत नाही, सक्तीवर घालतो. विद्यार्थी अल्पवयीन असेल तर पालकाच्या संमतीशिवाय त्याला धर्मशिक्षणाला किंवा उपासनेला बसवता येत नाही. खाजगी संस्थेच्या अनुदानित शाळेला २८(१) लावून प्रस्ताव नाकारला असेल, तर चुकीचं कलम लावलं आहे असं सरळ लिहा. वेतनाचं शंभर टक्के अनुदान असलं तरी इमारत, जागा, व्यवस्थापन यांचा भार संस्थेवर राहतो. त्यामुळे शाळा ‘संपूर्णपणे सरकारी पैशातून’ चालते असं म्हणता येत नाही, हा मुद्दाही नोंदवून ठेवा.

तुमची धर्माची तासिका खरोखर ‘धर्मशिक्षण’ आहे का, हेही बघा. धर्मांबद्दलचा किंवा संतांच्या, गुरूंच्या शिकवणुकीचा अभ्यास आणि धर्माची दीक्षा यांत न्यायालयांनी फरक केला आहे. गुरू नानकांच्या शिकवणुकीचा अभ्यास म्हणजे धर्मशिक्षण नव्हे, असा निकाल १९७१ मध्ये पंजाबातल्या डीएव्ही कॉलेजच्या प्रकरणात लागला. अरुणा रॉय प्रकरणात २००२ मध्ये सर्व धर्मांची तोंडओळख करून देणाऱ्या अभ्यासक्रमाबद्दलही तीच भूमिका न्यायालयाने घेतली.

आता प्रशासनाची बाजू. आक्षेप खरा असतो तेव्हा तो बहुधा सक्तीचा किंवा वेळेचा असतो. संमतीपत्रं तपासणाऱ्याच्या नजरेने पाहा. प्रवेश अर्जाच्या तळाला ‘शाळेचे सर्व नियम मान्य’ अशी ओळ छापून तिलाच संमती म्हणणं टिकत नाही. एकाच शाईत, एकाच हस्ताक्षरात भरलेला गठ्ठा असेल तर तो नसलेलाच बरा. संमतीपत्र वेगळं असावं, त्यावर शैक्षणिक वर्ष असावं, ‘पाल्य या तासिकेस बसणार नाही’ हा पर्यायही तितक्याच ठळक अक्षरात असावा. न बसणारी मुलं त्या वेळी कुठे असतात आणि त्यांच्याकडे कोण बघतं, हे वेळापत्रकातच दिसायला हवं. तासिका दिवसाच्या मधोमध ठेवली की न बसणाऱ्या मुलाला व्हरांड्यात उभं राहावं लागतं, आणि ती संमती कागदापुरतीच उरते. पहिली किंवा शेवटची तासिका सोयीची. प्रगतिपुस्तकात तिचे गुण धरू नका. आणि विज्ञान-गणिताच्या ठरलेल्या तासिकांतून ती काढलेली नसावी. असं आढळलं तर अनुदानाला हरकत घ्यायला अधिकाऱ्याकडे रास्त कारण असतं, आणि त्यात धर्माचा संबंध नसतो. प्रवेशाच्या बाबतीतही तसंच : अनुदान घेणारी शाळा कलम २९(२) प्रमाणे केवळ धर्म, वंश, जात किंवा भाषा या कारणावरून प्रवेश नाकारू शकत नाही. अनुदानित अल्पसंख्याक शाळेला आपल्या समाजाची मुलं घेता येतात, पण इतरांना रास्त प्रमाणात वाट ठेवावी लागते, हे टी. एम. ए. पै निकालात (२००२) ठरलं आहे.

शाळेच्या अनुदानाची आणि योजनेच्या पैशाची गल्लत मात्र करू नका. मदरशांसाठीची डॉ. झाकिर हुसेन मदरसा आधुनिकीकरण योजना घ्या. तिथे सरकार विज्ञान, गणित, मराठी, इंग्रजी अशा विषयांच्या शिक्षकांचं मानधन देतं. ऑक्टोबर २०२४ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने डी.एड. शिक्षकांचं मानधन ६,००० वरून १६,००० रुपये आणि बी.एड. शिक्षकांचं ८,००० वरून १८,००० रुपये करण्याचा निर्णय घेतला. हा पैसा ठरावीक विषयांसाठीच आहे. धार्मिक वर्गाच्या शिक्षकाचं नाव या यादीत घातलं, किंवा एकाच बँक खात्यातून देणग्या आणि योजनेचा निधी दोन्ही फिरवले, तर उपयोगिता प्रमाणपत्र (निधी ठरलेल्या कामासाठीच खर्च झाल्याचा दाखला) अडतं आणि पुढचा हप्ता थांबतो. तो थांबणं अन्याय नाही. खातं वेगळं, हजेरीपट वेगळा, विषयवार वेळापत्रक वेगळं ठेवलंत की हा वाद बहुतेक वेळा उद्भवतच नाही.

एका ओळीचं पत्र कसं वाचायचं

तुमच्या हातातलं पत्र पुढ्यात घ्या. त्यावर सही कोणाची आहे? संबंधित शासन निर्णयाने निर्णयाचा अधिकार त्याच अधिकाऱ्याला दिला आहे का? पत्रात ‘वरिष्ठांच्या निर्देशानुसार’ किंवा ‘मा. … यांच्या सूचनेनुसार’ असं असेल तर ती ओळ तुमच्या बाजूची आहे. मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी चित्रपटगृहाचा परवाना सरकारच्या सांगण्यावरून रद्द केला, तेव्हा गोरधनदास भानजी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की कायद्याने ज्याला विवेकाधिकार दिला त्यानेच तो स्वतःच्या बुद्धीने वापरायला हवा. हा निकाल स्वातंत्र्यानंतरच्या अगदी पहिल्या वर्षांतला आहे आणि आजही तितकाच उपयोगी आहे.

मग निकष. कोणता शासन निर्णय, कोणत्या तारखेचा, त्यातला कितवा निकष? विद्यार्थीसंख्या, संचमान्यता (मंजूर शिक्षकपदांची संख्या), बायोमेट्रिक हजेरी, यूडायस या सरकारी शाळा-नोंदणीतली माहिती, इमारत, शिक्षकांची अर्हता यांतलं नेमकं काय कमी पडलं? ‘निकषांची पूर्तता होत नाही’ या वाक्यात यांतलं काहीच नाही, म्हणून हा सकारण आदेश नाही. माहिती अधिकार अधिनियम २००५ च्या कलम ४(१)(घ) प्रमाणे बाधित व्यक्तीला प्रशासकीय निर्णयाची कारणं देणं सार्वजनिक प्राधिकरणावर बंधनकारक आहे. आणि पत्रात नसलेलं कारण पुढे न्यायालयात प्रतिज्ञापत्रावर भरता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या मोहिंदर सिंग गिल निकालापासून पक्कं आहे. म्हणून हे कोरडं पत्र हाती आल्यावर चिडून फोन करू नका, सुधारित पत्र मिळवण्यासाठी चकराही मारू नका. आवक-जावक क्रमांक आणि तारीख दिसेल अशी त्याची प्रत काढून ठेवा.

पथकातल्या सदस्याच्या तोंडी शेऱ्याचं काय? तो एकटा पुरावा म्हणून कमजोर आहे. तो शेरा तपासणी अहवालात किंवा नस्तीवरच्या (कार्यालयातल्या फाइलीवरच्या) टिपणीत उमटला आहे का, हे शोधायचं. टिपणीत ‘सदर शाळेत धार्मिक शिक्षण दिले जात असल्याने शिफारस करण्यात येत नाही’ असं असेल आणि बाहेरच्या पत्रात मोघम ‘निकष’ असेल, तर खरं कारण एक आणि दाखवलेलं कारण दुसरं, हा तुमचा सर्वात भक्कम मुद्दा ठरतो.

नस्ती मिळवा

टिपणी मिळवण्याचा मार्ग माहिती अधिकाराचा. अर्ज नागरिकाच्या नावाने करा. संस्थेच्या लेटरहेडवर, ‘संस्थेतर्फे’ असा केलेला अर्ज तांत्रिक कारणाने परत येऊ शकतो. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्ज एकाच विषयाचा आणि साधारण १५० शब्दांच्या आत हवा, म्हणून तीन छोटे अर्ज एका लांबलचक अर्जापेक्षा बरे. ‘अनुदान का नाकारलं?’ असं विचारू नका. त्याला ‘प्रश्नार्थक माहिती देय नाही’ असं उत्तर येतं. कागद मागा : प्रस्तावाच्या नस्तीतील सर्व टिपण्यांच्या पानांची प्रत, तपासणी अहवाल आणि गुणतक्ता, पथकाच्या नेमणुकीचा आदेश, आणि त्याच शासन निर्णयाखाली त्या वर्षी जिल्ह्यात पात्र व अपात्र ठरलेल्या शाळांची निकषवार यादी. नस्तीच्या प्रत्यक्ष अवलोकनाचीही मागणी करा. तिथे पानांचे क्रमांक, मधे लावलेल्या चिठ्ठ्या, मागाहून घातलेल्या तारखा दिसतात. उत्तराची मुदत ३० दिवस, त्यानंतर पहिलं अपील ३० दिवसांत आणि दुसरं ९० दिवसांत.

प्रस्ताव नुसता पडून असेल तर महाराष्ट्राचा २००५ चा बदल्यांचा आणि विलंबप्रतिबंधाचा कायदा काढा. त्याच्या कलम १० प्रमाणे साधारणतः कोणतीही नस्ती एका कर्मचाऱ्याकडे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची नसेल तर निर्णय ४५ दिवसांत, पाठवायची असेल तर तीन महिन्यांत. अनुदानाच्या नस्त्या वित्त विभागाकडे जातात, म्हणून तीन महिन्यांचा हिशोब धरा. विलंबाने खरं नुकसान होतं : अर्ज प्रलंबित असताना धोरण बदललं तर सर्वसाधारणपणे निर्णयाच्या दिवशीचं धोरण लागू होतं.

त्रुटीपूर्ततेच्या फेऱ्यांतही बराच अन्याय दडलेला असतो. एकदा पटसंख्येची त्रुटी, ती पूर्ण केल्यावर अग्निशमन दाखल्याची, मग भाडेकराराची. दर फेरीत दोन-तीन महिने जातात आणि आर्थिक वर्ष संपतं. पहिल्याच त्रुटीपत्राला उत्तर देताना लिहा : ‘प्रस्तावातील सर्व त्रुटी एकाच वेळी कळवाव्यात, यानंतर नव्याने काढलेली त्रुटी ही मूळ छाननीत नव्हती याची नोंद घ्यावी.’ प्रत्येक पूर्ततेची पोच घ्या, सोबतच्या सहपत्रांची क्रमवार यादी पोचेवरच ठेवा. ‘दाखला जोडलेला नव्हता’ हे विधान खोडून काढायला ती यादी लागते.

शेजारच्या शाळेला मिळालं, आम्हाला नाही

तुलना करताना सगळ्यात जास्त घाई होते. दोन शाळा सारख्या आहेत हे दाखवायचं तर त्या एकाच शासन निर्णयाखाली, एकाच वर्षी, एकाच टप्प्यावर हव्यात. २० टक्क्यांवरून ४० वर जाणारी शाळा आणि पहिल्यांदा मूल्यांकनाला आलेली शाळा यांची तुलना होत नाही. म्हणून निकषवार यादी हातात आल्यावर दोन रकाने समोरासमोर लिहा : प्रत्येक निकष, त्यांची स्थिती, आपली स्थिती, पुराव्याचं पान. त्यांचा दाखला नसताना त्यांना सूट दिली आणि तुम्हाला नाही, असं दिसलं तर एक खाच लक्षात ठेवा. दुसऱ्याला चुकीने मिळालेला लाभ ‘आम्हालाही द्या’ म्हणून मागता येत नाही. कलम १४ बेकायदेशीरपणात समानता देत नाही. पण तो निकष शिथिल करण्याचा अधिकार शासन निर्णयातच असेल, तर तो सर्वांसाठी सारखाच वापरायला हवा होता, हा मुद्दा पूर्ण वैध आहे.

‘निधी नाही’ या उत्तराबद्दल महाराष्ट्राचाच एक निकाल आहे. इतर शाखांच्या खाजगी महाविद्यालयांना अनुदान देणाऱ्या राज्याने विधी महाविद्यालयांना ते नाकारलं. मनुभाई प्रागजी वाशी प्रकरणात १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला भेदभाव म्हटलं आणि आर्थिक अडचणीची सबब मान्य केली नाही. पैसा मर्यादित असू शकतो. तो कोणाला आधी द्यायचा याचा क्रम मात्र जाहीर आणि सर्वांना सारखा हवा.

अट हीच हक्कावर गदा आणणारी असेल, तर सर्वोच्च न्यायालयाचा १९६२ चा सिधराजभाई निकाल दाखवा. ख्रिस्ती संस्थेच्या अध्यापक प्रशिक्षण महाविद्यालयाला ८० टक्के जागा सरकारी उमेदवारांसाठी ठेवायला सांगितलं होतं, नाहीतर अनुदान आणि मान्यता काढून घेण्याची ताकीद होती. न्यायालयाने ती अट रद्द केली. उलट शिक्षकांची अर्हता, हिशोब तपासणी, पटपडताळणी या अटी संस्था बळकट करतात. अल्पसंख्याक दर्जाचं प्रमाणपत्र दाखवून त्या टाळता येत नाहीत. ते प्रमाणपत्र दर्जा सिद्ध करतं, पात्रता सिद्ध करत नाही.

सुनावणी आणि पक्षपात

नव्या अनुदानाच्या प्रत्येक अर्जावर तोंडी सुनावणी मिळेलच असं नाही. पण तुमच्याविरुद्ध जो अहवाल वापरला तो तुम्हाला दाखवून उत्तराची संधी द्यायला हवी. चालू अनुदान थांबवायचं किंवा काढायचं असेल तर कारणे दाखवा नोटीस आणि सुनावणी टाळताच येत नाही. नोटिशीतच ‘आपण अनियमितता केली आहे’ असा निष्कर्ष लिहिलेला असेल, तर निर्णय आधीच झाला आहे अशी हरकत पहिल्याच उत्तरात घ्या. सुनावणीच्या निदान आठवडाभर आधी अहवालाची प्रत मागा. न मिळाल्यास ‘प्रत न मिळाल्याने मर्यादित म्हणणे मांडत आहोत’ असं रोजनाम्यावर (सुनावणीच्या कामकाजाच्या नोंदीत) लिहून घ्या. ज्याने ऐकलं त्यानेच निर्णय द्यायचा असतो. सुनावणी उपसंचालकांनी घेतली आणि मधे बदली होऊन नव्या अधिकाऱ्याने न ऐकता सही केली, तर फेरसुनावणी मागा.

पथकात स्पर्धक संस्थेचा पदाधिकारी किंवा त्याचा नातलग असेल तर तपासणीच्या दिवशीच लेखी हरकत द्या. निकाल विरोधात गेल्यावर घेतलेली हरकत, तुम्ही आधी गप्प राहिलात म्हणून सोडून दिली असं धरलं जातं. आणि हे दोन्हीकडे लागू आहे : पथकातला सदस्य तुमच्याच धर्मसंस्थेशी बांधलेला असेल तर त्यानेही बाजूला व्हायला हवं.

अधिकाऱ्यांसाठी : न्याय्य नकार कसा दिसतो

हे वाचणाऱ्यांत शिक्षण विभागातलेही लोक असतील, म्हणून नमुना देतो. क्रमांक आणि तपशील उदाहरणादाखल आहेत.

‘प्रस्ताव शासन निर्णय दि. … नुसार तपासला. निकष १ ते ५ पूर्ण. निकष ६ : तपासणीत इयत्ता नववी व दहावीस विज्ञानाची आठवड्याला एक तासिका कमी आढळली. अहवालाची प्रत दि. … रोजी दिली. संस्थेचा दि. … चा खुलासा व सुधारित वेळापत्रक विचारात घेतले. कमतरता आता दूर झाली आहे. तथापि निकष मागील संपूर्ण शैक्षणिक वर्षासाठी असून तो शिथिल करण्याचा अधिकार या कार्यालयास नाही. सबब या वर्षी अपात्र. धर्मशिक्षणाची तासिका ऐच्छिक असून पालकांची लेखी संमती आढळली. ही बाब प्रतिकूल धरलेली नाही. पुढील मूल्यांकनात प्रस्ताव सादर करता येईल. या आदेशाविरुद्ध … यांच्याकडे … दिवसांत दाद मागता येईल.’

हा नकारच आहे, पण संस्थेला काय दुरुस्त करायचं ते कळतं, आणि धर्माचा मुद्दा अधिकाऱ्याने पाहिला व बाजूला ठेवला हे कागदावर येतं. धार्मिक शाळेच्या बाबतीत हे शेवटून तिसरं-चौथं वाक्य फार मोलाचं आहे. ते नसेल तर प्रत्येक नकाराकडे संशयानेच पाहिलं जातं.

काही दोष सापडलाच, तर उपाय त्या दोषापुरता ठेवा. संमतीपत्रं नसतील तर ती घेण्यासाठी मुदत द्या आणि तोवर तासिका थांबवायला सांगा. तेवढ्यासाठी सगळ्या शिक्षकांचं वेतन रोखू नका. त्याची झळ मुलांच्या शिकण्याला बसते. अपहार असेल तर रक्कम आणि जबाबदार व्यक्ती निश्चित करून वसुली करा.

पुढचा क्रम

आत्ता आठवड्याच्या आत त्याच अधिकाऱ्याकडे दोन पानांचं निवेदन द्या : कारणं आणि अहवालाची प्रत मागा, कलम २८(३) आणि ३०(२) चा उल्लेख करा, तासिका ऐच्छिक असल्याचे पुरावे जोडा. शासन निर्णयात अपिलाची तरतूद असेल तर मुदतीत अपील टाका. माहिती अधिकाराचं उत्तर आलेलं नाही म्हणून थांबू नका, ‘अधिक मुद्दे मांडण्याचा हक्क राखून’ असं लिहा. शाळा न्यायाधिकरणात जाऊ नका, ते कर्मचाऱ्यांच्या बडतर्फी-पदावनतीसारख्या तक्रारींसाठी आहे. अल्पसंख्याक हक्काचा भंग असेल तर राष्ट्रीय अल्पसंख्याक शैक्षणिक संस्था आयोगाकडे तक्रार करता येते. टप्प्याच्या अनुदानाचा निर्णय फिरवण्यासाठी मात्र खरा मार्ग उच्च न्यायालयातल्या कलम २२६ च्या रिट याचिकेचा. तिला ठरावीक मुदत नसली तरी दिरंगाई माफ होत नाही, आणि निवेदनांवर निवेदनं देत राहिल्याने काळ थांबत नाही.

न्यायालय बहुधा अनुदान थेट देत नाही. आदेश रद्द करून ठरावीक आठवड्यांत नव्याने निर्णय घ्यायला सांगतं. म्हणून याचिकेतल्या मागण्या त्या हिशोबाने लिहा : आदेश रद्द करणं, अहवाल देऊन सुनावणी, सकारण निर्णयासाठी निश्चित मुदत, आणि तोवर सध्याच्या टप्प्याचं वेतन चालू ठेवण्याचा अंतरिम आदेश. शेवटची एक मागणी बहुतेक याचिकांत राहून जाते : पात्र ठरल्यास अनुदान त्याच वर्षीच्या इतर शाळांना ज्या तारखेपासून मिळालं त्याच तारखेपासून मिळावं. ती लिहिली नाही तर फेरविचारात शाळा जिंकते, पण आदेशात ‘आदेशाच्या दिनांकापासून’ असं येतं आणि शिक्षकांची मधल्या काळातली थकबाकी बुडते.